‘किती दिवस चालणार?’ : अचानक झालेली मोहीम आणि लोकांचे युद्धाविषयीचे मत

फोंड्याच्या एका पदव्युत्तर विद्यार्थिनीने प्रबंधिकेच्या निमित्ताने मला तीन गोष्टी विचारल्या आहेत. पूर्वसूचना न देता केलेल्या लष्करी मोहिमेमुळे लोक युद्धाच्या बाजूने झुकतात की युद्धाविरुद्ध जातात. हा बदल किती काळ टिकतो. आणि १९६१ ची गोव्यातील कारवाई याचे उदाहरण म्हणून घेता येईल का. मी चोवीस वर्षे पायदळात काढली आणि निवृत्तीनंतर गोव्यात परतून बरीच वर्षे विद्यार्थ्यांना युद्धेतिहास शिकवला. त्या अनुभवाच्या आधारावर हे उत्तर लिहितो आहे.

उत्तर आधी सांगतो, कारणे नंतर. अचानक झालेल्या मोहिमेने युद्ध चांगले की वाईट याविषयीचे लोकांचे मूळ मत फारसे हलत नाही. हलतो तो युद्धाची किंमत किती पडेल याचा त्यांचा अंदाज, आणि तो अंदाज ज्यांच्या सांगण्यावरून त्यांनी बांधलेला असतो त्या माणसांवरचा विश्वास. पहिल्या आठ-पंधरा दिवसांत जी लाट दिसते ती मतपरिवर्तन समजून मोजली, तर सगळे निष्कर्ष चुकतात.

हे माझ्या लक्षात पुस्तकांतून आले नाही. १९९९ च्या उन्हाळ्यात कारगिलचे युद्ध पेटले तेव्हा मी नुकताच निवृत्त होऊन घरी आलो होतो. रोज सकाळी शेजारचे दोघे-तिघे वर्तमानपत्र हातात घेऊन आमच्या बलकांवावर, म्हणजे घरापुढच्या ओट्यावर, येऊन बसत. फेब्रुवारीत पंतप्रधान बसने लाहोरला गेलेले सगळ्यांनी पाहिले होते, त्यामुळे पहिले काही दिवस बोलण्यात फसवणुकीचा संताप होता. नंतर मात्र रोज एकच प्रश्न येई : “किती दिवस चालणार, साहेब?” आणि देशाच्या निरनिराळ्या भागांत शवपेट्या पोचू लागल्याचे दूरदर्शनवर दिसू लागले तसा त्याच माणसांच्या तोंडी दुसरा प्रश्न आला : “रेषा ओलांडत का नाहीत?” म्हणजे किंमत वाढू लागली तशी त्या किमतीला शोभेल इतके मोठे फळ लोकांना हवे झाले. सरकारने नियंत्रण रेषा न ओलांडण्याचा निर्णय शेवटपर्यंत पाळला, उद्दिष्ट शिखरे परत मिळवण्यापुरते मर्यादित ठेवले आणि ते साध्य केले. म्हणून ५२७ जवान गमावूनही लोकांचा पाठिंबा टिकला. उद्दिष्ट मोघम असते तर तो टिकला असता असे मला वाटत नाही.

आता गोव्याकडे येतो. कारगिलच्या मोहिमेचे नाव आणि १९६१ च्या मोहिमेचे नाव एकच, ऑपरेशन विजय. दोन्हींतला फरक मात्र डोळ्यांत भरणारा आहे. कारगिलमध्ये आपण अचानक गाठले गेलो; गोव्यात अचानकपणा आपल्या बाजूला होता, निदान तसा तो समजला जातो. लष्करी दृष्टीने पाहिले तर तो फारसा नव्हताच. डिसेंबरच्या सुरुवातीपासून बेळगावच्या बाजूला सैन्य जमत होते, ते कोणापासून लपलेले नव्हते, आणि १४ डिसेंबरला पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याने गोव्याचे गव्हर्नर जनरल वासालु ई सिल्व्हा यांना पाठवलेल्या तारेत शरणागतीची शक्यता नाकारून सैनिक एक तर विजयी होतील किंवा मरतील असे कळवले होते. लिस्बनला काय येऊ घातले आहे ते ठाऊक होते.

अचानकपणा होता तो लोकांच्या अपेक्षेत. नेहरू सरकारने चौदा वर्षे गोव्याच्या बाबतीत बळाचा वापर टाळला होता. १५ ऑगस्ट १९५५ रोजी पत्रादेवी आणि इतर ठिकाणी निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळीबार होऊन वीसहून अधिक माणसे मेली, त्यानंतरही दिल्लीने सीमा बंद केल्या, आर्थिक नाकेबंदी केली आणि सत्याग्रहींनाच थांबवले. बाहेरच्या जगाने, विशेषतः पाश्चात्त्य देशांनी, हा देश बोलतो पण बंदूक उचलत नाही असा हिशेब मनाशी पक्का केला होता. १७ नोव्हेंबर १९६१ ला अंजदिव बेटावरून ‘साबरमती’ या प्रवासी बोटीवर गोळीबार झाला, पाठोपाठ एका मच्छीमाराचा जीव गेला, आणि महिन्याभरात तो हिशेब मोडला. १८ डिसेंबरला सुरक्षा परिषदेत अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स व तुर्कस्तान यांनी मांडलेला, भारताने सैन्य मागे घ्यावे असा ठराव सात विरुद्ध चार मतांनी पुढे गेला असता, तो सोव्हिएत संघाने नकाराधिकार वापरून अडवला. विरोधी चारांत सिलोन, लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक (म्हणजे इजिप्त) होते, हे मुद्दाम लक्षात घ्यावे. एकच बातमी वॉशिंग्टनमध्ये तत्त्वभंगाची ठरली आणि नुकत्याच स्वतंत्र झालेल्या देशांत वसाहतवादाच्या अंताची. युद्धाविषयी दोघांचेही आधीचे मत जसेच्या तसे राहिले, भारताविषयीचे बदलले.

आणि गोव्यातले लोक? मी तेव्हा नऊ वर्षांचा होतो आणि आमचे घर फोंड्याजवळच्या एका गावात होते. पोर्तुगीज सैन्याने माघार घेताना पूल उडवले, त्यांचे आवाज मला आठवतात. घरातली मोठी माणसे त्या दिवशी भारत आणि पोर्तुगाल यांच्याविषयी बोलत नव्हती. कणगीत तांदूळ किती आहेत आणि पूल नसताना ते किती दिवस पुरवायचे, याविषयी बोलत होती. माझे वडील स्वातंत्र्याच्या बाजूचे होते, १८ जून १९४६ ला मडगावात लोहियांचे भाषण ऐकायला जमलेल्या गर्दीत ते होते, तरीही त्या सकाळी त्यांचा पहिला विचार तांदळाचाच होता. आमच्याच वाड्यावर एक कुटुंब असे होते, की ज्यांचा मुलगा पोर्तुगीज नोकरीत होता आणि ज्यांना पुढे काय होणार याची खरी भीती होती. या दोन घरांच्या मतांत जमीन-अस्मानाचे अंतर होते, पण प्रश्न एकच होता.

त्या प्रश्नाला उत्तर मिळाले ते असे. मुख्य चढाई पूर्वेकडून अनमोडच्या बाजूने ६३ इन्फन्ट्री ब्रिगेडने करायची होती. ती घाट, सुरुंग आणि मोडलेले पूल यांत अडखळत आली. उत्तरेकडून ब्रिगेडियर सगत सिंग यांच्या ५० पॅराशूट ब्रिगेडला दुय्यम काम दिले होते, आणि तीच वेगाने पुढे सरकून १८ तारखेच्या संध्याकाळी मांडवीच्या काठावर, बेतीला पोचली. १९ ला सकाळी पणजीत प्रवेश झाला आणि त्याच संध्याकाळी गव्हर्नर जनरलने शरणागती पत्करली. ‘गोंयचे सोडवणेचो आवाज’ हे गुप्त नभोवाणी केंद्र १९५५ पासून चालवणारे वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांनी ध्वनिक्षेपक बसवलेल्या विमानातून ती बातमी वरून सांगितली. सुमारे चाळीस तासांत सगळे आटोपले. भारताचे २२ जण गेले, तीन हजारांहून अधिक पोर्तुगीज सैनिक युद्धबंदी झाले. आमची कणगी निम्मीसुद्धा रिकामी झाली नव्हती.

इथे माझ्या मते या विषयातला सर्वांत धोक्याचा भाग येतो, आणि अभ्यासक त्याकडे फार कमी पाहतात. स्वस्तात मिळालेला विजय लोकांना शिकवतो की युद्ध स्वस्त असते. फेब्रुवारी १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीत संरक्षणमंत्री कृष्ण मेनन उत्तर मुंबईतून आचार्य कृपलानींसारख्या ज्येष्ठ नेत्याविरुद्ध उभे होते आणि प्रचंड मताधिक्याने निवडून आले. तो विजय केवळ गोव्यामुळे मिळाला असे मी म्हणणार नाही, पण प्रचारात गोवा होताच. गोव्यातील मोहिमेत पुरवठ्याच्या, पूल बांधण्याच्या आणि संपर्काच्या ज्या उणिवा दिसल्या त्यांची झाडाझडती घेण्याची कोणाला निकड वाटली नाही, कारण जिंकलेल्या मोहिमेची चौकशी सहसा कोणी मागत नाही. १२ ऑक्टोबर १९६२ रोजी नेहरूंनी सिलोनला जाताना पत्रकारांना सांगितले की, ईशान्य सीमेवरील प्रदेशातून चिन्यांना हटवण्याचे आदेश सैन्याला दिलेले आहेत. त्या वाक्याला जनतेतून फारसा विरोध झाला नाही. दहा महिन्यांपूर्वीचा दोन दिवसांचा अनुभव ताजा होता, आणि लोकांच्या मनातला युद्धाचा दर त्यावरूनच ठरलेला होता.

२० ऑक्टोबरला चीनने हल्ला केला. या वेळी अचानकपणा समोरच्याच्या हाती होता. महिन्याभराच्या लढाईत अधिकृत आकड्यानुसार १,३८३ भारतीय सैनिक कामी आले, नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात मेनन मंत्रिमंडळातून बाहेर पडले आणि २१ नोव्हेंबरला चीनने स्वतःहून युद्धविराम जाहीर केला. त्या काळात बायकांनी अंगावरचे सोने संरक्षण निधीत दिले आणि १४ नोव्हेंबरला संसदेने आक्रमकाला हटवण्याचा ठराव केला. म्हणजे हल्ल्याने लोक युद्धाला कंटाळले नाहीत, उलट चिडून एकवटले. बुडाली ती नेत्यांच्या शब्दाची पत. डिसेंबर १९६१ आणि नोव्हेंबर १९६२ हे दोन महिने शेजारी ठेवून वाचल्याशिवाय गोव्याच्या मोहिमेचा लोकमतावरचा परिणाम समजत नाही, आणि आपल्या प्रबंधिकेची कालमर्यादा डिसेंबर १९६१ ला संपवण्याचा विचार असेल तर तो कृपया बदलावा.

लिस्बनमध्ये काय घडले हेही पाहण्यासारखे आहे. तिथे वर्तमानपत्रांवर नियंत्रण होते, त्यामुळे लोकमताला उघड वाट नव्हती. शरण येऊन आपल्या सैनिकांचे प्राण वाचवणाऱ्या वासालु ई सिल्व्हा यांना सैन्यातून काढून टाकण्यात आले. युद्धबंदी मे १९६२ मध्ये परत गेले ते स्वागताविना. राजवट मात्र आणखी बारा वर्षांहून अधिक टिकली आणि आफ्रिकेतली युद्धे लढत राहिली. २५ एप्रिल १९७४ ला ती उलथवली ती तरुण लष्करी अधिकाऱ्यांनी. गोव्यातल्या शिबंदीला बळीचा बकरा केल्याची आठवण त्या अधिकाऱ्यांच्या मनात होती असे माझे मत आहे. जिथे जनतेला बोलता येत नाही तिथे मत सैन्याच्या बराकीत साचते.

आता गोव्याबाहेरची उदाहरणे, पण मोजकीच. पर्ल हार्बर सगळेच देतात. ऑगस्ट १९४१ मध्ये सक्तीच्या लष्करी सेवेची मुदत वाढवणारा कायदा अमेरिकी प्रतिनिधिगृहात २०३ विरुद्ध २०२ अशा एका मताने तरला होता. ७ डिसेंबरला जपानने हल्ला केला आणि दुसऱ्या दिवशी युद्धाच्या ठरावाविरुद्ध एकच मत पडले, जॅनेट रँकिन यांचे. हे उदाहरण खरे आहे, पण अपवादात्मक आहे, कारण तिथे हल्ल्याने पर्यायच शिल्लक ठेवला नाही. त्यावरून नियम काढू नये.

अधिक शिकण्यासारखे आहे ते १९६८ चे व्हिएतनाम. नोव्हेंबर १९६७ मध्ये जनरल वेस्टमोरलँड यांनी वॉशिंग्टनला येऊन शेवट दृष्टिपथात येत असल्याचे सांगितले होते. ३० जानेवारी १९६८ पासून, टेट या नववर्षाच्या सणात, शंभराहून अधिक शहरांवर आणि गावांवर उत्तर व्हिएतनामी सैन्य व व्हिएतकाँग गनिमांचे एकाच वेळी हल्ले झाले, सायगावमधील अमेरिकी वकिलातीच्या आवारात काही तास लढाई चालली. लष्करी हिशेबाने हल्लेखोरांचे अतोनात नुकसान झाले, अपेक्षित उठाव झाला नाही. सर्वसाधारण समज असा आहे की त्या चित्रांनी अमेरिकी जनता एका रात्रीत युद्धाविरुद्ध गेली. मतचाचण्या तसे सांगत नाहीत. युद्धात पडणे चूक होती असे म्हणणारे लोक १९६७ च्या ऑक्टोबरमध्येच, म्हणजे हल्ल्याच्या तीन महिने आधी, चूक नव्हती म्हणणाऱ्यांच्या पुढे गेले होते. आणि हल्ल्यानंतरच्या पहिल्या दिवसांत तर अधिक कठोर कारवाई हवी म्हणणारे वाढले. घसरण झाली ती मार्चमध्ये. १० मार्चला वृत्तपत्रात बातमी फुटली की सेनानींनी आणखी २ लाख ६ हजार सैनिक मागितले आहेत. सामान्य माणसाला डावपेच कळत नसतील, पण बेरीज कळते. आपण जिंकलो असू तर आणखी दोन लाख कशाला, हा प्रश्न विचारायला लष्करी शिक्षण लागत नाही. ३१ मार्चला अध्यक्ष जॉन्सन यांनी पुन्हा उभे न राहण्याची घोषणा केली.

उलट दिशेचे उदाहरण अर्जेंटिनाचे. ३० मार्च १९८२ ला ब्युनॉस आयर्समध्ये कामगार संघटनांनी लष्करी राजवटीविरुद्ध काढलेल्या निदर्शनांवर लाठ्या चालल्या. २ एप्रिलला सैन्याने ब्रिटनच्या ताब्यातली फॉकलंड बेटे अचानक घेतली आणि प्लासा दे मायो चौक जयघोषाने भरला. १४ जूनला सैन्य शरण गेले, १५ तारखेला त्याच चौकात संतप्त गर्दी जमली आणि दोन दिवसांत जनरल गाल्तिएरी यांची सत्ता गेली. अडीच महिन्यांत एका चौकाचे तीन अवतार झाले. मधल्या जयघोषाची त्या दिवशी मतचाचणी घेतली असती तर आकडे भव्य आले असते आणि त्यांचा उपयोग शून्य झाला असता.

१९७३ च्या ऑक्टोबर युद्धाविषयी थोडे थांबून लिहिले पाहिजे, कारण अचानक मोहिमेने लोकमत खरोखर, खोलवर बदलल्याचे माझ्या माहितीतले हेच सर्वांत चांगले उदाहरण आहे. ६ ऑक्टोबरला दुपारी इजिप्तच्या सैन्याने सुएझ कालवा ओलांडला, पाण्याच्या जोरदार फवाऱ्यांनी पलीकडची वाळूची तटबंदी फोडली आणि इस्रायलची बार-लेव्ह ही संरक्षक रेषा मोडली. इस्रायली गुप्तवार्ता विभागाने युद्धाची शक्यता कमी असल्याचे मत दिले होते. शेवटी लष्करी पारडे इस्रायलच्या बाजूने झुकले, परंतु अडीच हजारांहून अधिक सैनिक गेले होते, आणि लहान देशात हा आकडा प्रत्येक गल्लीपर्यंत पोचतो. तरीही ३१ डिसेंबरच्या निवडणुकीत सत्ताधारी पक्ष निवडून आला. गोल्डा मायर यांना एप्रिल १९७४ मध्ये, चौकशी आयोगाच्या अंतरिम अहवालानंतर, पायउतार व्हावे लागले, आणि मजूर पक्षाची पहिल्यापासूनची सत्ता १९७७ मध्ये गेली. हिशेब पूर्ण व्हायला साडेतीन वर्षे लागली. इजिप्तमध्ये वेगळेच घडले. १९६७ च्या पराभवाचा कलंक पुसला गेल्यामुळेच सादात यांना नोव्हेंबर १९७७ मध्ये जेरुसलेमला जाऊन तहाची भाषा बोलणे शक्य झाले. हरलेल्या मनःस्थितीतला देश त्यांना ते करू देता ना. एका अचानक मोहिमेने दोन्ही बाजूंना युद्धाचा दर नव्याने कळला, आणि त्या नव्या दराने दोघांनाही सिनाईचा तह परवडला. अर्थात सर्वांना नव्हे. कालवा ओलांडल्याच्या स्मरणार्थ चाललेल्या संचलनातच, ६ ऑक्टोबर १९८१ रोजी, सादात यांची हत्या झाली.

आपल्या गोव्याशी जोडलेले अलीकडचे एक उदाहरण म्हणजे २९ सप्टेंबर २०१६ ला जाहीर झालेली नियंत्रण रेषेपलीकडील कारवाई. मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री होते, आणि त्या आठवड्यात म्हापशाच्या बाजारापासून काणकोणच्या तिठ्यापर्यंत ‘आमच्या भाईंनी करून दाखवले’ हेच ऐकू येत होते. अभिमानाचा तो भाग समजण्यासारखा आहे. अभ्यासकाने मात्र सैन्याच्या पहिल्या निवेदनाकडे पाहावे. कारवाई पुढे चालू ठेवण्याचा विचार नाही, असे त्यात स्पष्ट म्हटले होते. ‘किती दिवस?’ या प्रश्नाचे उत्तर प्रश्न येण्याआधीच दिलेले होते. लोकांचा पाठिंबा मिळवण्यात त्या एका वाक्याचा वाटा कारवाईइतकाच होता असे मला वाटते.

आपण वयस्कर लोकांच्या मुलाखती घेणार आहात असे लिहिले आहे, म्हणून शेवटी पद्धतीविषयी. ‘लष्करी कारवाईला तुमचा पाठिंबा होता का’ असे विचारू नये. गोव्याच्या लोकांचा कौल १६ जानेवारी १९६७ ला एकदाच मोजला गेला, १,७२,१९१ विरुद्ध १,३८,१७०, आणि तो महाराष्ट्रात विलीन व्हायचे की वेगळे राहायचे या प्रश्नावर होता (मोठा आकडा वेगळे राहण्याच्या बाजूचा). सैन्य येण्याविषयी कोणी कोणाला विचारलेच नव्हते. आज विचारले तर माणसे पुढच्या साठ वर्षांचा निकाल मागे नेऊन उत्तर देतील, आणि त्यात लबाडी नसेल. त्याऐवजी त्या दोन दिवसांत घरात कोण कुठे होते, काय लपवले, काय बांधून ठेवले, बातमी कोणाकडून कळली आणि ती कोणी खरी मानली, हे विचारावे. माझ्या आईला मी बऱ्याच वर्षांनी विचारले होते. मुक्तीविषयी ती एक वाक्य बोलली आणि मग बराच वेळ कणगीविषयी सांगत राहिली. सोळा माणसांना दोन वेळा पेज घातली तर तांदूळ नाताळापर्यंत पुरतील, असा तिने तेव्हा हिशेब केला होता.